सिक्स शूटर: 27 मिनिटांत दुष्काळात तेरावा महिना

परवा जेवणं झाल्यावर म्हटलं झोपायच्या आधी काहीतरी छोटंसं बघू, म्हणून ‘सिक्स शूटर’ लावला, 2004 चा आयरिश पिक्चर, फक्त 27 मिनिटांचा, आणि मग झोप गेली ती गेलीच. मार्टिन मॅकडोना तोवर नाटकवाला म्हणून फेमस होता, हा त्याचा पहिलाच पिक्चर आणि पहिल्याच फटक्यात 2006 ला शॉर्ट फिल्मचं ऑस्कर!

तर डॉनेलीची बायको हॉस्पिटलमध्ये वारलीये, तो एकटा ट्रेनने घरी निघालाय आणि समोरच्या सीटवर एक पोरगा, ज्याच्या तोंडाला लगाम म्हणून नाही. शेजारी एक जोडपं बसलंय, त्यांचं तान्हं बाळ नुकतंच गेलंय, तर हा दिवटा त्यांनाही सोडत नाही. उठून कानफटात द्यावीशी वाटते आणि पुढच्याच वाक्याला फस्सकन हसू येतं, मग आपलीच आपल्याला लाज. यात क्राइमही आहे, ते कुठनं येतं ते सांगत नाही, नाहीतर मजा जाईल.

पण खरा कळस म्हणजे तो पोरगा सांगतो तो गाईचा किस्सा. पोटफुगी झालेली गाय, आणि तिच्या पोटातला गॅस काढायला निघालेला एक बुटका माणूस. आमच्याकडे गोडेतेल पाजतात, अगदीच टरारली तर डॉक्टर डाव्या कुशीत भोसकून गॅस सोडतात, त्यामुळे मला वाटलं चला, याला जमतंय की. पण त्यानंतर तो काडी ओढतो! मी उशीत तोंड खुपसून हसलो, बायको उठली, तिला समजावून सांगायला गेलो तर म्हणे यात हसण्यासारखं काय आहे, आणि खरंच सांगता येईना.

डॉनेली झालेला ब्रेंडन ग्लीसन फार कमी बोलतो, नुसतं बघतो, पण त्या बघण्यातच त्याचा अख्खा दिवस दिसतो. चहा-खाण्याच्या काउंटरवरचा पोरगा म्हणजे त्याचाच मुलगा डॉनल, नीट बघा. मला खटकलं ते एवढंच की त्या जोडप्याचं दुःख पुढची गाडी ढकलायला वापरल्यासारखं वाटतं, त्या बाईला दोन मिनिटं जास्त द्यायला हवी होती. आणि सबटायटल लावाच, तो आयरिश हेल पहिल्या झटक्यात अर्धा डोक्यावरून जातो.

साडेचार स्टार. घरी ससा पाळला असेल तर शेवट आपापल्या जबाबदारीवर बघा.